झाडावरून पडलेला माणूस

त्या उन्हाळ्यात नाक्यावर माणसं जास्त आणि कामं कमी झाली होती. शेतांत करण्यासारखं काही उरलं नव्हतं. एरवी नाक्याचं तोंडही न पाहिलेली माणसं डबा फडक्यात बांधून उजाडायच्या आत येऊन उभी राहत. बंद पडलेल्या पेट्रोल पंपासमोर रस्ता जरा रुंद होता, तोच नाका. एखादा ट्रॅक्टर वेग कमी करतोय असं वाटलं की सगळी गर्दी तिकडे धावायची. ट्रॅक्टर न थांबता गेला की माणसं धुळीतून परत यायची आणि एकमेकांकडे न बघता आपापल्या जागी उभी राहायची.

मामीला अशा धावण्याची लाज वाटायची, पण ती धावायची. तिचा भाचा पूर्वी तिच्याबरोबर कामाला यायचा, तो मामी म्हणायचा म्हणून सगळा नाका म्हणू लागला. भाचा केव्हाच दुसरीकडे निघून गेला, हाक मागे राहिली. तिचा नवरा ताडमाड उंच होता आणि मान पुढे काढून चालायचा, त्यामुळे त्याला सगळे उंट म्हणत. उंटाची विधवा बहीण त्यांच्याजवळच राहायची आणि त्यांच्याबरोबरच नाक्यावर उभी राहायची. घरी उंटाची आई होती. तिला डोळ्यांनी दिसत नव्हतं, पण दारात पाऊल वाजलं की आज काम मिळालं की नाही हे तिला चालीवरून कळायचं.

त्या दिवशी मुकादम आला तो मोटारसायकलवर, मागे रिकामी ट्रॉली घेऊन ट्रॅक्टर. हा मुकादम काही वर्षांपूर्वी ह्याच नाक्यावर उंटाच्या शेजारी उभा राहायचा. उंटाच्या डब्यातलं जेवलेला माणूस. आता तो दातांत काडी धरून माणसं निवडायचा.

"हात दाखव," तो एकेकाला म्हणायचा. तळव्यावरून अंगठा फिरवायचा, दंड दाबायचा. एका म्हाताऱ्याने स्वतःहून हात पुढे केले तर म्हणाला, "आजोबा, तुम्ही घरी झोपा. उगाच आमच्या अंगावर याल." लोक हसले. म्हाताराही हसला. हसला नसता तर उद्याचीही आशा गेली असती.

"उंटा, चल. मामी, तूही. तुझी नणंद तोंड घरी ठेवून येत असेल तर तिलाही घे."

"तोंड घरी ठेवलं तर खाऊ कशाने?" नणंद म्हणाली आणि त्याचं उत्तर यायच्या आत ट्रॉलीत चढलीसुद्धा.

काम चर खणायचं होतं. नव्या कारखान्याला पाणी न्यायचं होतं, त्यासाठी माळावरून सरळ रेषेत चर चालला होता. पुरुष खाली उतरून कुदळीने माती फोडायचे आणि फावड्याने वर भिरकावायचे. बायका ती घमेल्यात भरून काठाशी ढीग लावायच्या. चर माणसाच्या डोक्याच्या वर गेला होता. उंटाचं मात्र डोकं दिसायचं, कुदळ वर गेली की दिसायचं आणि खाली आली की नाहीसं व्हायचं. वरची माती तापून दगड झाली होती, खालची भुसभुशीत, हाताने ओढली तरी निघेल अशी.

प्यायच्या पाण्याचं पिंप उन्हात होतं. सावली एकच, मुकादमाच्या छत्रीची. माळावर झुडूपसुद्धा नव्हतं, त्यामुळे बायका पाणी जवळजवळ पीतच नसत. प्यायलं की जायचं कुठे, हा प्रश्न. नणंदेने एकदा मुकादमाला विचारलं होतं, एखादा आडोसा बांधून द्या म्हणून. तो म्हणाला, "आम्ही डोळे मिटतो की." तेव्हापासून रोज दुपार होईपर्यंत बायकांच्या ओटीपोटात कळा येत आणि कोणी कोणाला काही बोलत नसे.

ढीग काठाला लागून वाढत चालला होता. पाइप घेऊन येणारा ट्रॅक्टर ढिगाच्या पलीकडून जायचा आणि गेला की आतल्या माणसांच्या खांद्यांवर बारीक माती गळायची. ती सगळ्यांनाच दिसत होती. पण जो बोलेल तो उद्या ट्रॉलीत नसेल, हेही सगळ्यांना ठाऊक होतं.

शेवटी उंटच बोलला. "मुकादम, ढीग जरा मागे घ्यायला सांगा. कड हलतेय."

"मागे घ्यायचा म्हणजे एकच माती दोनदा उचलायची. दुसऱ्या वेळेची मजुरी तू देणार?"

"नाही, पण ट्रॅक्टर तरी लांबून..."

"अरे बघा रे, उंट घाबरला!" मुकादम काठावर येऊन ओरडला. "एवढा मोठा देह आणि काळीज चिमणीचं! मामी, याला घरी बांधून ठेव नि उद्यापासून तू उतर खाली."

चरातून हसण्याचा आवाज आला.  उंटाने कुदळ उचलली आणि जरा जास्तच जोराने मारली. मामीने घमेलं डोक्यावर घेतलं. तिला हसणाऱ्यांचा राग आला, त्याहून जास्त नवऱ्याचा आला. बोलायचं होतं तर पुरतं बोलायचं, नाहीतर तोंड उघडायचं नाही.

जेवण झाल्यावर थोड्या वेळाने चर ढासळला. आवाज फार मोठा झाला नाही. कोणीतरी दमून मटकन खाली बसावं तसा झाला. मामीने वळून पाहिलं तर ढीग जागेवर नव्हता. काठावर ठेवलेला एक लोखंडी पाइपही नव्हता. आणि ज्या ठिकाणी कुदळ वरखाली होत होती तिथे नुसती धूळ.

ती कशी खाली उतरली ते तिला नंतर कधी आठवलं नाही. कोणीतरी फावडं घेऊन आलं, ती किंचाळली, "फावडं नको! लागेल त्याला! हाताने काढा!" चार-पाच माणसं कुत्र्यांसारखी हातांनी उकरू लागली. तिची नखं उलटली. आधी केस लागले, मग कपाळ. तोंड लागलं तेव्हा ते उघडं होतं आणि मातीने भरलेलं होतं. तिने दोन बोटं आत घातली आणि माती ओढून काढली, पुन्हा घातली, पुन्हा काढली. मग तो खोकला. तिने आयुष्यात इतका चांगला आवाज ऐकला नव्हता.

पण कमरेखालचा भाग निघायला फार वेळ लागला. डाव्या मांडीवर पाइप पडला होता. तो उचलला तेव्हा उंटाने जी हाक मारली ती आईला मारलेली होती.

मुकादम काठावर उभा होता. छत्री अजून त्याच्या हातातच होती. "निघाला ना? जिवंत आहे ना? झालं तर मग," तो म्हणाला. "बाकीच्यांनी गर्दी करू नका. ज्याने त्याने आपापला तुकडा धरा. आणि त्याची कुदळ राहिली बघा आत, ती काढा आधी."

पाइपांच्या ट्रॉलीतच त्याला घातलं. खाली काही अंथरायला नव्हतं. मामीने त्याचं डोकं मांडीवर घेतलं, नणंदेने पाय धरून ठेवला. मुकादम समोर उकिडवा बसला. रस्त्याला लागल्यावर तो हळू आवाजात बोलू लागला आणि आज पहिल्यांदाच त्याने तिला मामी म्हटलं नाही.

"वहिनी, नीट ऐका. दवाखान्यात चराचं नाव काढायचं नाही. काढलं की पोलीस येणार. पोलीस आले की काम बंद, आणि कारखान्याचा साहेब मला दारात उभा करणार नाही. मग ह्याच्या औषधपाण्याला कोण? झाडावरून पडला म्हणा. सरपण तोडायला चढला होता. पुढचं सगळं माझ्याकडे लागलं. पायावर उभा करेन त्याला. आईशप्पथ."

"माती कोणी काठावर टाकायला लावली?" मामी म्हणाली.

"ते आता उकरून काय होणार आहे?"

"वहिनी, ऐक त्याचं," नणंद म्हणाली. तिचा आवाज बसला होता. "पोलीस आपल्याला काय देणार? हा निदान ओळखीचा तरी आहे."

सरकारी दवाखान्यात डॉक्टरबाईंनी उंटाचा सदरा कापला. सिस्टर त्याच्या नाकातली माती कापसाने काढत होती, काढली तरी येतच होती.

"काय झालं यांना?"

"झाडावरून पडला," मुकादम म्हणाला.

डॉक्टरबाईंनी उंटाचं डोकं एका बाजूला वळवलं. "झाडावरून पडलेल्या माणसाच्या कानात एवढी माती?"

"खाली नांगरलेलं होतं बाई."

बाईंनी मामीकडे पाहिलं. त्यांना सगळं समजलेलं होतं, फक्त कोणीतरी म्हणायला हवं होतं. मामीने तोंड उघडलं. तेवढ्यात उंटाची बोटं तिच्या मनगटाभोवती आवळली.

"झाडावरूनच पडलो," तो म्हणाला. आवाज वाळू घासल्यासारखा. "सरपण तोडत होतो."

मामीने तोंड मिटलं. मनगटावरचे वळ तिने दिवसभर पाहिले. मोडलेल्या पायाचा माणूस, श्वास धड घेता येत नाही, आणि सगळी ताकद कशाला वापरली तर बायकोचं तोंड बंद करायला.

मुकादम दुसऱ्या दिवशी संत्री घेऊन आला. शेजारच्या खाटांवरच्या माणसांशीही गोड बोलला. त्यानंतर आला नाही. फोन लागेना, लागला तर उचलेना. डॉक्टरबाईंनी सांगितलं की मांडीत सळई घालावी लागेल आणि ती बाहेरून आणावी लागेल. लवकर आणली नाही तर पाय वाकडाच जुळेल, कदाचित ठेवताही येणार नाही.

"मुकादम आणेल," उंट म्हणाला.

"कधी?"

"आणेल गं. शब्द दिलाय त्याने."

"तुला त्याच्या शब्दाची खात्री आहे, तर माझ्याकडे का बघत नाहीस बोलताना?"

त्याने भिंतीकडे तोंड वळवलं.

ह्या बोलण्याच्या दुसऱ्या दिवशी उजाडताच मामी नाक्यावर गेली. ट्रॉली भरत होती. नणंद आधीच चढून बसली होती. घरात कोणीतरी कमवायला हवं होतं, तिला दोष देण्यात अर्थ नव्हता. मामी सरळ मुकादमासमोर जाऊन उभी राहिली.

"सळई आणायचीय. आजच्या आज."

"कसली सळई?"

"उंटाच्या मांडीत घालायची."

मुकादमाने दातांतली काडी काढली. "हे बघ मामी, वाईट झालं, मला वाईट वाटतं. संत्री आणली की नाही मी? पण झाडावरून पडलेल्या माणसाचा खर्च मी कशाला करू? उद्या नाक्यावरचा एखादा पिऊन गटारात पडेल, तोही माझ्याच गळ्यात घालाल."

 "तूच सांगितलंस ना, झाडावरून म्हणा म्हणून!"

"मी? कोणी ऐकलं?" त्याने ट्रॉलीकडे वळून हात पसरले. "ऐकलं का रे कोणी?"

ट्रॉलीतली माणसं पायांकडे बघत राहिली. ह्याच माणसांनी हातांनी माती उकरली होती. नणंद डब्याच्या फडक्याची गाठ सोडून पुन्हा बांधू लागली.

"आणि उंटाने स्वतःच्या तोंडाने सांगितलंय डॉक्टरला," मुकादम म्हणाला. "आता काय स्वतःच्या नवऱ्याला खोटं पाडतेस? बाजूला हो, ट्रॅक्टर लागेल."

ट्रॅक्टर गेला. मामी तिथेच उभी राहिली. ज्याला आजही काम मिळालं नव्हतं तो म्हातारा जवळ येऊन म्हणाला, "घरी जा पोरी. मोठ्यांशी कोण भांडणार?"

"मोठा?" मामी म्हणाली. "माझ्या डब्यातलं खाऊन मोठा झालाय तो."

ती घरी गेली नाही. माळाच्या रस्त्याला लागली. डांबर तापून मऊ झालं होतं आणि तिच्या चपलेची टाच झिजून भोक पडलं होतं. राग तळपायातून मस्तकात जातो म्हणतात, तिचा खरोखरच तिथून निघाला आणि चालता चालता वर वर चढत गेला. तिने मुकादमाला शिव्या दिल्या, ट्रॉलीतल्यांना दिल्या, नणंदेला दिल्या. मग नवऱ्याला दिल्या, आणि त्या देताना तिला रडू आलं. ते तिने फडक्याने पुसलं आणि पुन्हा पहिल्यापासून शिव्या सुरू केल्या.

चर पुढे सरकला होता. उंट गाडला गेला तो तुकडा साफ करून झाला होता, तिथे आज पाइप उतरवायचे होते. मातीचा ढीग होता तिथेच, काठाला लागून. मामी ढिगावरून घसरत खाली गेली आणि चराच्या तळाशी मांडी घालून बसली.

आधी कोणाच्या लक्षातच आलं नाही. पाइप दोरावर सोडणारा माणूस ओरडला, "ए, कोण आहे खाली? सरका!"

"मी आहे. सरकणार नाही."

मुकादम धावत आला. "मामी, वर ये. हा काय तमाशा?"

"कसला तमाशा? मी झाडावर बसलेय."

"काय?"

"माझा नवरा ह्याच झाडावरून पडला ना? म्हटलं बघू तरी केवढं उंच झाड आहे. छान सावली आहे रे. तूही ये वर."

कोणीतरी फिसकन हसलं. ह्या वेळी ते हसणं मुकादमावर होतं, आणि त्याला ते कळलं. त्याच्या मानेवर शीर फुगली.

"साहेब येतोय आज! पाइप उतरलेले दिसले नाहीत तर तुमचा सगळ्यांचा दिवस बुडाला म्हणून समजा!" तो माणसांवर ओरडला. "ओढा तिला बाहेर!"

कोणी हललं नाही. बाईच्या अंगाला हात कोण लावणार? आणि त्या कडेखाली उतरायची तर कोणाचीच इच्छा नव्हती.

"ठीक आहे," मुकादम म्हणाला. "बसू दे. टाका वरून माती. आपोआप येईल बाहेर." त्याने जवळच्या माणसाकडे बोट केलं. हा चेहऱ्यावर देवीचे वण असलेला धिप्पाड गडी होता, त्याला सगळे पहारवाला म्हणत, कारण पहार तो एका हाताने चालवायचा. "टाक रे."

पहारवाल्याने मुकादमाकडे पाहिलं, खाली पाहिलं. मग फावडं भरलं आणि टाकलं.

माती मामीच्या डोक्यावर, मानेत, पाठीवर पडली. तिने डोळे मिटले होते. उघडले तेव्हा पापण्यांवरून माती गळली. ती जागची हलली नाही. तिने वर पाहिलं आणि साध्या आवाजात म्हणाली, "अजून टाक. त्याच्या तर तोंडात गेली होती. तूच उकरत होतास ना माझ्या शेजारी?"

पहारवाल्याने फावडं खाली ठेवलं.

"टाक म्हणतो ना!"

"तुम्हीच टाका," पहारवाला म्हणाला. तो चार पावलं मागे गेला आणि काठापासून लांब जमिनीवर बसला.

तेवढ्यात नणंद आली. तिने डोक्यावरचं भरलेलं घमेलं मुकादमाच्या पायांशी आपटलं. "टाका! माझ्याही अंगावर टाका!" ती एवढ्या जोरात किंचाळली की तिचाच आवाज फाटला. "भाऊ पुरला, आता भावजय पुरा, मला कशाला ठेवता?" आणि ती घसरत खाली उतरली. मामीशेजारी जाऊन बसली.

"सकाळी डब्याला गाठी मारत होतीस," मामी म्हणाली.

"नंतर भांड माझ्याशी," नणंद म्हणाली. "कड बघ कशी हलतेय."

साहेबाची जीप आली तेव्हा चाळीसेक माणसं कामं टाकून उभी होती आणि चरात दोन बायका बसलेल्या होत्या. साहेब तरुण होता, बुटांवर धूळ बसू नये म्हणून जपून चालत होता. मुकादम त्याच्या कानाशी लागला. "वेडी बाई आहे साहेब. नवरा झाडावरून पडला तर पैसे उकळायला बघतेय."

"इथे अपघात झाला होता?" साहेबाने विचारलं.

"छे! माझ्या कामावर? कधीच नाही."

"मग जाऊन त्यालाच विचारा की," मामी खालून म्हणाली. "दवाखान्यात आहे. तो मुकादमाचाच दोस्त आहे, माझ्या बाजूने बोलेल असंही नाही. तो झाडावरून म्हणाला तर मी पुन्हा इथे पाऊल टाकणार नाही. पण तोवर इथून उठणार नाही. पाइप उतरवायचेत तर माझ्या अंगावर उतरवा."

साहेबाने घड्याळ पाहिलं. त्याला पाइप उतरवायचे होते. "चला," तो वैतागून म्हणाला. "बसा जीपमध्ये. तूही चल मुकादम."

नणंद जागा राखल्यासारखी चरातच बसून राहिली. जीपमध्ये मामीला पुढच्या बाकावर बसू दिलं नाही, माती सांडेल म्हणून. ती मागे चटईवर बसली.  उंट काय म्हणेल ते तिला माहीत होतं. ज्या माणसाने मातीने भरलेल्या तोंडाने एकदा खोटं सांगितलं, तो धुतलेल्या तोंडाने खरं कशाला सांगेल? उद्या नणंदेचंही काम गेलं. घरात आंधळी सासू, खाटेवर नवरा. आपण रागाच्या भरात काय करून बसलो?

वॉर्डात शिरताच मुकादम पुढे झाला. उंटाच्या खाटेच्या पायथ्याशी उभा राहिला, त्याच्या धड पायावर मायेने हात ठेवला. "काय उंटा, बरं वाटतंय ना? साहेब मुद्दाम आलेत बघ तुला भेटायला. तू झाडावरून पडलास ना, तेवढं सांग त्यांना. मग सळईचं बघू आपण."

  मामीने फक्त नवऱ्याकडे पाहिलं.

उंट तिच्याकडे बघत होता. तिच्या केसांत, कानांवर, गळ्याच्या घामात बसलेल्या मातीकडे.

"ही माती कसली?" त्याने विचारलं.

"चरातली."

"तू चरात कशाला उतरलीस?"

"बसायला."

"आणि डोक्यावर कशी आली?"

"टाकली."

"कोणी?"

मामीने मुकादमाकडे पाहिलं. मुकादमाने उंटाच्या पायावरचा हात काढून घेतला. उंट कोपरावर उठायचा प्रयत्न करू लागला. त्याच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला, तरी उठला. एवढा उंच माणूस खाटेवर अर्धा उठला तेव्हा मुकादमाच्या तोंडासमोर त्याचं तोंड आलं.

"मी पडलो नाही साहेब," तो म्हणाला. "मला पुरलं. मी सांगत होतो कड हलतेय, तर हा हसला माझ्यावर. मग मला पुरलं, आणि आज माझ्या बायकोला पुरायला निघाला होता."

शेजारच्या खाटांवरची माणसं उठून बसली होती. डॉक्टरबाई दारात येऊन उभ्या होत्या. "मी हे लिहून घेऊ ना?" त्यांनी विचारलं.

"लिहा," मामी म्हणाली. "मोठ्या अक्षरात लिहा."

साहेबाचा चेहरा पांढरा पडला. त्याला उंटाची दया आली असं नव्हे, त्याला स्वतःची आली. तो मुकादमाला बाहेर घेऊन गेला आणि बराच वेळ व्हरांड्यातून त्याचा आवाज येत राहिला. सळई दिवस मावळायच्या आत आली.

पाय वाचला, पण आखूड झाला. उंट घरी आला तेव्हा म्हातारीने त्याची चाल ऐकली आणि विचारलं, "हा कोण आला गं?"  तो दिवसभर दारात बसून राही. एकदा तो मामीला म्हणाला, "तुला सकाळी उठून एकटीला जाताना बघवत नाही." ती म्हणाली, "मग तोंड वळव. सवय आहे तुला." बोलल्यावर तिला वाईट वाटलं, पण तिने शब्द मागे घेतला नाही. तिचा राग अजून संपायचा होता आणि घरात तोच एक हाताशी होता.

मुकादम मुकादमच राहिला. सळईचा खर्च त्याने चरावरच्या सगळ्यांच्या मजुरीतून कापून घेतला आणि कापताना प्रत्येकाला सांगितलं की हे उंटाच्या पायासाठी. त्यामुळे नाक्यावर मामी आली की लोक जरा सरकून उभे राहायचे. एक जण तोंडावर म्हणाला, "तुझ्या नवऱ्याचा पाय आमच्या पोटातून गेला." मामी त्याच्या अंगावर धावून गेली. "मी कापले का? ज्याने कापले त्याला जाऊन बोल! तिथे जीभ टाळूला चिकटते का?"  नणंदेला काम मिळायचं, मामीला नाही. मुकादम येईल तेव्हा तिच्यावरून नजर अशी फिरवायचा की जणू तिथे खांब उभा आहे.

मग एका सकाळी दुसराच मुकादम आला. लांबच्या वस्तीत गटारं घालायची होती, त्याला भराभर माणसं हवी होती. त्याला मामी माहीत नव्हती. "चढ, चढ, लवकर," तो म्हणाला. नणंद चढली, पहारवाला चढला, मामीही चढली. ट्रॉली गच्च भरली. ट्रॅक्टरवाल्याने इंजिन सुरू केलं.

"मुकादम," मामीने विचारलं, "माती काठापासून लांब टाकायची ना?"

"काय?"

"खणलेली माती. काठाला ढीग लावणार की लांब टाकणार?"

तो तिच्याकडे बघत राहिला. मग कोणीतरी पुढून त्याच्या कानात काही सांगितलं आणि त्याचा चेहरा बदलला. "अच्छा, ती तू होय. उतर खाली. मला शहाणी माणसं नकोत, कामाची हवीत."

 मामीने डबा उचलला, ट्रॉलीच्या फळीवर पाय दिला आणि खाली उतरली. नणंद अर्धवट उठली होती. मामीने तिला डोळ्यांनीच दटावलं, बस म्हणून. घरात चार तोंडं होती. ती रस्त्याच्या कडेला जाऊन उभी राहिली आणि तिने पाठ फिरवली, कारण हे सगळे आता आपल्याला सोडून जाताना तिला बघायचं नव्हतं.

"चल रे," मुकादम ट्रॅक्टरवाल्याला म्हणाला.

"थांब," मागून आवाज आला. पहारवाल्याचा. तो ट्रॉलीत उभा राहिला होता. "तिने विचारलं त्याचं काय झालं? माती कुठे टाकायची?"

"तुला काय करायचंय? तू बस."

"खाली मी उतरणार आहे. सांगा ना, माती कुठे टाकायची?"

इंजिन धडधडत होतं. दुसऱ्या कोणीतरी म्हटलं, "हां, सांगा ना." मग कोपऱ्यातून तिसरा. मुकादमाने हात उंचावून ट्रॅक्टरवाल्याला निघायची खूण केली. ट्रॅक्टरवाला मागे वळून ट्रॉलीकडे बघत राहिला. त्याने गिअर टाकला नाही.

मामी वळली. डबा बगलेत धरून ती पुन्हा ट्रॉलीकडे चालू लागली. उत्तर तिलाही ऐकायचं होतं.